पेटी कोणी भरायची?

माझी भाची इथल्या, म्हणजे बडोद्याच्या, फाइन आर्ट्‌सला शिकत होती तेव्हाची गोष्ट. रविवारी जेवायला आली आणि जाताना टेबलावर एक आडवंतिडवं मोठं पुस्तक ठेवून गेली. "मामा, हे वाच. चित्रं आहेत म्हणून नाक मुरडू नकोस." मी मुरडलंच. पन्नाशी उलटलेल्या, बँकेत ऑफिसर असलेल्या माणसाला कोणी चित्रांचं पुस्तक देतं का? आठवडाभर ते रद्दीच्या वर्तमानपत्रांखाली पडून राहिलं आणि रद्दीवाल्याच्या काट्यावर चढता चढता वाचलं.

पुस्तकाचं नाव 'भीमायन'. दुर्गाबाई आणि सुभाष व्याम या परधान गोंड चित्रकार जोडप्यानं चितारलेलं, श्रीविद्या नटराजन आणि एस. आनंद यांनी शब्द दिलेलं, २०११ साली प्रसिद्ध झालेलं. मी ते चाळायला घेतलं आणि तिसऱ्या-चौथ्या पानावरच माझी वाचायची सवय अडखळली. कॉमिकमध्ये असतात तशा चौकटी इथे नाहीत. गोंड घरांच्या भिंतींवर जी दिघना नक्षी काढतात तिच्या वळणदार पट्ट्या पानभर फिरतात आणि त्यांनीच प्रसंग वेगळे होतात. बोलण्याचे फुगेही साधे नाहीत. सरळ, माणुसकीनं बोलणाऱ्याचा फुगा पक्ष्याच्या आकाराचा. आणि ज्याच्या बोलण्यात विष आहे त्याच्या फुग्याला विंचवाची नांगी. एखाद्या पानावर नांगीवाले फुगे दिसले की वाक्य वाचण्याआधीच अंगावर येतं.

या पुस्तकाचा मधला भाग बडोद्याचा आहे. सयाजीरावांच्या शिष्यवृत्तीवर कोलंबिया विद्यापीठात शिकून आलेले आंबेडकर १९१७ साली संस्थानच्या नोकरीसाठी इथे आले, त्यांना राहायला कोणी जागा देईना, नाव लपवून ते एका पारशी सराईत राहिले आणि अकराव्या दिवशी काठ्या घेतलेल्या जमावानं त्यांना तिथून बाहेर काढलं. मुंबईची गाडी रात्री नऊची. मधले पाच तास त्यांनी कमाटी बागेत बसून काढले.

हे सगळं मला माहीत होतं. बडोद्यात कोणाला माहीत नाही? बागेत त्या घटनेची आठवण म्हणून संकल्पभूमी आहे, वर्षातून एकदा तिथे मोठी गर्दी होते, त्या दिवशी वाहतूक वळवतात. मी त्याच बागेत वर्षानुवर्षं सकाळी चालायला जातो. पण माझ्या डोक्यात ही घटना चरित्रातल्या एका परिच्छेदाएवढी होती, आणि परिच्छेद वाचायला अर्धा मिनिट लागतं. चित्रांनी मला अर्ध्या मिनिटात सुटू दिलं नाही. दुसऱ्या दिवशी बागेत चालताना मी पहिल्यांदाच हिशेब केला की पाच तास म्हणजे माझ्या रोजच्या दहा फेऱ्या.

आता मूळ मुद्दा. ज्या गावाची ही गोष्ट, त्या गावात पाच दशकं काढलेल्या, तीन लायब्रऱ्यांची वर्गणी भरणाऱ्या माणसापर्यंत हे पुस्तक यायला भाची लागली. ती नसती तर आलं नसतं. माझं म्हणणं असं की आपल्याकडे चांगल्या पुस्तकांचा तुटवडा नाही, वाचकांचाही म्हणतात तितका नाही. तुटवडा आहे तो पुस्तक हातात आणून ठेवणाऱ्या माणसाचा. आणि हे काम आपण आता फोनवर सोपवून मोकळे झालो आहोत, ती चूक आहे.

'भीमायन'चं पुढे काय झालं तेही सांगतो. आमच्या एका लायब्ररीत (नाव घेत नाही, अजून मी तिथलाच सभासद आहे) हे पुस्तक घ्या म्हणून अर्ज दिला. त्यांनी घेतलंही. तीन-चार महिन्यांनी चौकशी केली तर कादंबरीत नाही, चरित्रात नाही, कुठेच नाही. शेवटी सापडलं बालविभागात, चांदोबाच्या बांधीव अंकांशेजारी. ग्रंथपाल म्हणाल्या, "चित्रं होती ना, म्हणून तिकडे लावलं." त्यांचा दोष किती धरायचा? त्यांच्या रजिस्टरला रकानेच ठरलेले. कादंबरी, कथा, नाटक, काव्य, चरित्र, धार्मिक, बाल आणि जे कशातच बसत नाही ते संकीर्ण.

या संकीर्णबद्दल थोडं बोललंच पाहिजे. मराठीतला निबंध, ललित लेख, प्रवास आणि विचार यांच्या मधलं काहीतरी, असं जे जे आपल्या भाषेत फार देखणं लिहिलं गेलंय ते बहुतेक लायब्रऱ्यांत तिथे पुरलेलं आहे. दुर्गा भागवतांचं १९५६ सालचं 'ऋतुचक्र' मी एका ठिकाणी बागकामाच्या पुस्तकांत पाहिलंय. महिन्यामहिन्यानं बदलणाऱ्या झाडापानांबद्दल आहे म्हटल्यावर कोणीतरी प्रामाणिकपणे तिथे लावलं असणार. खाकी पुठ्ठ्याचं बायंडिंग, पाठीवर पांढऱ्या रंगानं दाखल क्रमांक, नाव नाही. आतली तारखेची चिठ्ठी बघितली तर शेवटचा शिक्का १९९८ चा. ज्याला हे पुस्तक आवडलं असतं तो माणूस बागकामाच्या कपाटाकडे कधी गेला नाही, आणि ज्याला गुलाबाला खत किती घालायचं ते हवं होतं त्यानं दोन पानं वाचून परत ठेवलं.

फोनचं म्हणाल तर तो अजून वेगळ्या तऱ्हेनं आंधळा आहे. नातवासाठी मी एकदा एक रहस्यकथा मागवली, तर पुढचे सहा महिने मला खुनाशिवाय दुसरं काही दाखवेना. 'हे घेणाऱ्यांनी तेही घेतलं' हा त्याचा सगळा साहित्यविचार. म्हणजे ज्या वाटेनं आधीच गर्दी गेलीय तीच वाट अजून रुंद करायची. आणि व्हॉट्सॲपवर फिरणाऱ्या त्या 'आयुष्यात एकदा तरी वाचावीत अशी शंभर मराठी पुस्तकं'! त्यातली पहिली सात नावं मी न बघता सांगू शकतो. तुम्हीही सांगू शकता. त्या सातांबद्दल माझी काही तक्रार नाही, पण ती तुम्हाला माहीत असतील तर यादीनं केलं काय? गंभीर कादंबरीच्या बाबतीत तर यादी अगदीच कुचकामी, कारण तिथे नुसतं नाव कळून भागत नाही. पहिली चाळीस पानं सोसायला सांगणारं कोणीतरी लागतं.

माझ्या कॉलेजच्या दिवसांत असा एक माणूस होता. रावपुऱ्यातल्या एका वाचनालयात बसायचा, मोडक्या खुर्चीवर, समोर पितळी झाकणाचा पाण्याचा लोटा. त्यानं मला 'कोसला' दिली. मी चौथ्या दिवशी परत द्यायला गेलो, म्हटलं या पांडुरंग सांगवीकराचं काय चाललंय ते त्यालाच कळत नाही, मला कुठून कळणार? तो म्हणाला, "शंभर पानं झाली? नाहीत ना. मग शिक्का नाही मारत." खरंच मारला नाही. मी चिडून घरी आलो आणि चिडलेल्या अवस्थेतच पुस्तक संपवलं, जी त्या पुस्तकासाठी बहुधा योग्य अवस्था होती. पण हे गृहस्थ काही संत नव्हते. त्यांनी दिलेली निम्मी पुस्तकं मला आवडली नाहीत. कवितेतलं त्यांना काडीचं कळत नसे. तरी त्यांच्याशी भांडता यायचं. पुस्तक टेबलावर आपटून 'हे काय दिलंत?' असं विचारता यायचं आणि पुढचं पुस्तक त्या भांडणातून निघायचं. फोनला तुम्ही तसं विचारून दाखवा.

हे सगळं बडोद्यात बसून लिहावं लागतंय याचं मला जास्त वाईट वाटतं. कारण 'पुस्तक माणसापर्यंत नेणं' हे सरकारी खात्याचं काम मानणारं हे गाव. सयाजीरावांनी अमेरिकेतली ग्रंथालयं डोळ्यांनी पाहिली आणि १९१० साली न्यू हेवनहून विल्यम बोर्डन नावाच्या ग्रंथपालाला बोलावून आणलं. त्याच्या हाताखाली संस्थानचं ग्रंथालय खातं उभं राहिलं. गावानं थोडी वर्गणी काढली की तेवढीच रक्कम प्रांताच्या पंचायतीनं घालायची आणि तेवढीच सरकारनं, अशा तीन वाट्यांनी गावोगाव वाचनालयं निघाली. १९१२ पासून 'लायब्ररी मिसेलनी' नावाचं नियतकालिक निघायचं, इंग्रजी, गुजराती आणि मराठी मजकुराचं. मांडवीजवळच्या सेंट्रल लायब्ररीत आजही गेलात तर पोलादी मांडण्यांच्या मजल्यांमध्ये जाड काचेच्या फरश्या दिसतील. वरचा उजेड खालच्या कपाटांपर्यंत झिरपावा म्हणून तशी रचना. पहिल्यांदा चालताना पाय बिचकतात.

पण मला त्या इमारतीपेक्षा जास्त भुरळ पडते ती फिरत्या वाचनालयाच्या पेटीची. लाकडी पेटी, आत पंधरा ते तीस पुस्तकं. गावानं मागणी केली की सरकारी खर्चानं पेटी यायची, वाचून झाली की परत जायची, दुसरी यायची. पंधरा ते तीस हा आकडा नीट बघा. सेंट्रल लायब्ररीतल्या हजारो पुस्तकांतून कोणीतरी बसून ही एवढीच काढलेली. त्या 'एवढीच'मध्ये सगळी गंमत आहे. हजार पुस्तकांपुढे माणूस उभा राहिला की ओळखीचं नाव शोधतो. वीस पुस्तकांची पेटी घरात आली की अनोळखी नावाचीही दोन पानं उलटतो, कारण दुसरं आहे काय?

आणि चित्रांचं म्हणाल, तर याच खात्याची एक शाखा केवळ दाखवण्यासाठी होती. पडद्यावर चित्रं टाकणारे जादूचे कंदील, सिनेमाचं यंत्र, चित्रांचे संच घेऊन माणसं गावोगाव जायची, कारण ज्याला अक्षर येत नाही तोही वाचनालयाचाच धनी आहे असं खातं मानत होतं. म्हणजे शंभर वर्षांपूर्वीच्या बडोद्याला चित्र हे पोरांचं खेळणं वाटत नव्हतं, आजच्या रजिस्टरला वाटतं. आपली परंपरा तरी कुठे तसं मानते? कुडाळजवळच्या पिंगुळीत चित्रकथी एकेक चित्र पुढे धरून रामायण-महाभारताची आख्यानं गायचे, ते काय फक्त पोरांसाठी? समोर अख्खं गाव बसायचं.

इथे एक अवघड गोष्ट आहे आणि ती टाळून पुढे जाणं बरं नाही. हे खातं निघालं १९१० साली. आंबेडकर आले १९१७ साली. गावोगाव पुस्तकं पोचवणाऱ्या संस्थानच्या राजधानीत पुस्तकांवर जीव असणाऱ्या माणसाला खोली मिळाली नाही. त्या सराईतल्या रिकाम्या, अडगळीच्या दालनात कंदिलाच्या अंधूक उजेडात माणसाची सोबत नव्हती म्हणून पुस्तकांची धरली, असं त्यांनी स्वतः लिहून ठेवलंय. तेव्हा पेटीचं कौतुक करताना मी हे विसरत नाही की पेटी कोणाच्या ओट्यावर उतरायची आणि त्या ओट्यावर कोण चढू शकायचं हे खात्याच्या आराखड्यात नव्हतं. पेटी भरणाराही कुठल्या तरी घरातलाच असतो. त्याला जे 'चांगलं' वाटतं ते त्याच्या घराच्या खिडकीतून दिसणारं.

माझे एक मित्र नेमका हाच आक्षेप घेतात. म्हणतात, "निवडणारा आला की दादागिरी आली. त्यापेक्षा फोन बरा, तो निदान जात विचारत नाही." मला हे अर्धंच पटतं. फोन विचारत नाही खरं, पण फोननं काय दाखवायचं नाही हे कुठे कोणी ठरवतंय तेही आपल्याला कळत नाही. निवड तिथेही होतेच, फक्त निवडणाऱ्याचं नाव नसतं. माझा उपाय साधा आहे: पेटीवर भरणाऱ्याचं नाव लिहा. ठळक. म्हणजे 'यात एकही दलित लेखक का नाही', 'सगळे पुण्याचेच कसे' हे कोणाला विचारायचं ते वाचकाला ठाऊक असेल. आणि दर दोन महिन्यांनी भरणारा बदला.

दुसरा आक्षेप भाषेचा. बडोद्यातल्या मराठी माणसानं मराठीच जपावं, पेटीत दुसरं काही नको, असं मला आमच्या मंडळातल्या एका बाईंनी ऐकवलं. जपावं ना. १९०९, १९२१, १९३४ अशी तीन संमेलनं सयाजीरावांच्या हयातीत इथे झाली, फेब्रुवारी २०१८ मध्ये एक्क्याण्णवावं झालं, तिथून मी दोन पिशव्या भरून पुस्तकं आणली आणि हिच्या शिव्या खाल्ल्या. एरवी नवं मराठी पुस्तक हवं तर पुण्याहून येणाऱ्या नातेवाइकाच्या बॅगेत जागा आहे का हे आधी विचारावं लागतं. हे दुखणं खरंच आहे. पण आपण गुजराती दुकानांच्या पाट्या वाचतो, गॅसचं बिल वाचतो, 'संदेश' पेपर वाचतो, मग त्याच लिपीतला निबंध का नाही वाचत? सेव-उसळीच्या गाडीवर कोणी विचारत नाही की उसळ कोणाची.

आणि वाचायला काय आहे बघा. काका कालेलकर साताऱ्यात जन्मलेले, घरची भाषा मराठी. इथे बडोद्यात गंगनाथ विद्यालयात शिकवायचे. पुढे गुजरातीत असे निबंध लिहिले की गांधीजी त्यांना 'सवाई गुजराती' म्हणाले, आणि १९६५ सालचा साहित्य अकादमी पुरस्कार त्यांना मिळाला तो गुजरातीसाठी. मराठी माणूस गुजराती निबंधाचा मानकरी, आणि दांडिया बाजारातल्या किती मराठी घरांत त्यांचं एखादं पान मुळातून वाचलं गेलंय? सुरेश जोषी तर आपल्या विद्यापीठात शिकवत होते. गुजराती ललित निबंध त्यांच्यानंतर पूर्वीसारखा राहिला नाही. १९८३ चा अकादमी पुरस्कार मिळाला तर सरळ नाकारला. माझ्या वयाच्या कित्येकांनी त्यांना कॅम्पसवरून चालत जाताना पाहिलंय. पाहिलंय, वाचलेलं नाही. मीही चाळिशीनंतर वाचलं.

तसंच ते नर्मदेचं. भारतातली पहिली ग्राफिक कादंबरी म्हणून जिचं नाव घेतात ती ओरिजित सेन यांची 'रिव्हर ऑफ स्टोरीज' १९९४ साली आली, ती नर्मदेवरचं धरण आणि त्याविरुद्धचं आंदोलन याबद्दल. धरण इथून दोन तासांवर. बरीच वर्षं पुस्तक मिळतच नव्हतं, २०२२ मध्ये पुन्हा छापलं गेलं. त्यातली बाजू तुम्हाला पटेल न पटेल. इथे धरणाविषयी वेगळं बोलणं सोपं नाही हेही मला ठाऊक आहे. पण म्हणजे आपल्या बागेवर एक पुस्तक, आपल्या नदीवर एक पुस्तक, दोन्ही चित्रांची, दोन्ही देशभर नावाजलेली, आणि गावातल्या मराठी वाचकाला दोन्हींचा पत्ता नाही. याला वाचनाची आवड कमी होणं म्हणत नाहीत. टपाल न पोचणं म्हणतात.

नुसतं लिहून काय होणार म्हणून गेल्या जूनमध्ये मी एक प्रयोग केला. केसर आंब्याची दहा किलोची पेटी रिकामी झाली होती. ती झटकली, आत जुनं चादरीचं कापड घातलं आणि घरातली वीस पुस्तकं भरून सोसायटीच्या क्लब हाऊसमध्ये कॅरमशेजारी ठेवली. वर माझं नाव, फ्लॅट नंबर आणि 'भांडायचं असेल तर संध्याकाळी सातनंतर' अशी चिठ्ठी. रजिस्टर नाही, डिपॉझिट नाही. चार पुस्तकं चित्रांची, पाच गुजराती, बाकी मराठी कथा-कादंबऱ्या आणि माझे लाडके संकीर्ण. पहिल्या सातांतलं एकही नाही, याची काळजी घेतली होती.

तीन महिन्यांचा हिशेब असा. दोन पुस्तकं परत आली नाहीत. चित्रांची सगळ्यात जास्त फिरली. 'भीमायन'चं बायंडिंग सुटलं आणि एका पानावर चहाचं वर्तुळ आहे. ते दहावीतल्या पोरांनी नेलं असेल असं मला वाटलं होतं, पण नेलं होतं चौथ्या मजल्यावरच्या आजोबांनी, कारण अक्षर मोठं आणि ओळी थोड्या. निबंधांचं एक पुस्तक सलग सहा आठवडे एका घरी होतं. मला वाटलं गेलं. तर त्या वहिनी म्हणाल्या, "भावोजी, रोज एकच लेख वाचते. संपेल म्हणून भीती वाटते." ज्या कादंबरीवर माझा सर्वांत जास्त भरवसा होता तिला कोणी हात लावला नाही. दोनदा मीच ती वर काढून ठेवली, दोनदा ती खाली गेली. आणि एक गृहस्थ खरंच सातनंतर भांडायला आले. त्यांचं म्हणणं, पेटीत विज्ञानावरचं काहीच नाही. बरोबर होतं त्यांचं. मला विज्ञानातलं कळत नाही, त्यामुळे माझ्या पेटीला ते असतं हेच ठाऊक नव्हतं.

गेल्या आठवड्यात पेटीत एक चिठ्ठी सापडली, गुजरातीत, बॉलपेननं, औषधाच्या बिलामागे लिहिलेली. 'आमां मारी बे चोपडी मूकुं?' दुसऱ्या मजल्यावरच्या बहेन. मी खूष होऊन हो म्हटलं. त्यांनी आणून ठेवली दोन पुस्तकं. एक झवेरचंद मेघाणींचं, जुनं, कडा पिवळ्या पडलेल्या. आणि दुसरं, एकवीस दिवसांत आयुष्य बदलून देणाऱ्यांपैकी, चकचकीत कव्हरचं, ज्या जातीचं पुस्तक पेटीत येऊ द्यायचं नाही असं मी मनाशी पक्कं ठरवलं होतं.

रात्री दोनदा खाली जाऊन ते बाहेर काढलं आणि दोनदा परत ठेवलं. सकाळी स्केचपेन घेऊन गेलो आणि पेटीवर माझ्या नावाखाली त्यांचं नाव आणि फ्लॅट नंबर लिहिला. वेळ त्यांनाच विचारली. म्हणाल्या, "पाच पछी."